ब्रॅकनेलच्या तळ्यातला भुऱ्या

इंग्लंडहून परत आल्यापासून कॉलेजात, शेजारीपाजारी आणि मासळी बाजारातसुद्धा मला एकच विचारतात, काय काय पाहिलंत? राजवाडा, पूल, संग्रहालयं हे सगळं मी पाहिलं. एका रविवारी, एकटीने, छत्री सांभाळत. त्यातलं फारसं काही डोक्यात राहिलं नाही. राहिलं ते ब्रॅकनेल नावाच्या गावाबाहेरच्या एका घरामागचं तळं. ते कुठल्याही टूरमध्ये दाखवत नाहीत, म्हणून इथे लिहिते.

मी कोकणातल्या एका कॉलेजात मत्स्यशास्त्र शिकवते. त्या वर्षी सहा महिन्यांसाठी केंब्रिजला एका प्रयोगशाळेत मला बोलावलं होतं. काम होतं अमेरिकेतल्या नद्यांमधल्या कॅटफिशचं, म्हणजे आपल्या शिंगाळ्याच्या दूरच्या भाऊबंदांचं. स्पिरिटमध्ये ठेवलेले जुने मासे बाटलीतून काढायचे, नीट तपासायचे आणि लेबलावरचं नाव बरोबर आहे का ते ठरवायचं. सगळे मासे मेलेले, बरेचसे माझ्या जन्माच्या आधीचे. दिवसभर मी त्यांच्या पोहण्याच्या परांमधल्या काड्या मोजत बसे. जाता येता सहकारी विचारत, "यू ऑल राइट?" सुरुवातीला मी थांबून खरंच सांगू लागायचे, की काल झोप लागली नाही, खोलीचा हीटर बंद पडलाय. तोवर विचारणारा जिन्यापर्यंत पोचलेला असे. मग कळलं, की तो प्रश्न नव्हता.

मे महिना संपता संपता मला जाणवलं, की फोन कार्डावरून आईशी होणारं बोलणं सोडलं तर तोंडातून मराठी शब्द निघालेलाच नाही. अशात एके दिवशी प्रयोगशाळेत माझ्यासाठी फोन आला.

"मी डॉक्टर सबनीस, ब्रॅकनेलहून," पलीकडून थकलेला, पण स्वच्छ पुणेरी आवाज आला. "इथल्या महाराष्ट्र मंडळात कुणीतरी तुमचं नाव सांगितलं. तुम्ही अमेरिकन कॅटफिश ओळखता म्हणे."

"हो."

"जिवंत ओळखता का?"

मी हसले. कितीतरी दिवसांनी हसले असेन.

शुक्रवार, ब्रॅकनेल

केंब्रिजहून लंडन, लंडनमध्ये एका स्टेशनवरून दुसऱ्या स्टेशनवर, आणि तिथून ब्रॅकनेल. या प्रवासात सांगण्यासारखं एकच. लंडनला मी घाईत चुकीच्या डब्यात चढले आणि एका सायकलवाल्याच्या चाकाला टेकून तासभर उभी राहिले. चुकले होते मी, तरी तोच तीनदा सॉरी म्हणाला.

ब्रॅकनेल म्हणजे काचेची ऑफिसं आणि त्यांच्यामध्ये गोल चौक. एका राउंडअबाउटवरून सुटलो की दुसरा. डॉक्टर गाडी हळू चालवत होते. सत्तरी ओलांडलेले, उंच, अंगात जूनमध्येही लोकरीचा स्वेटर. भूलतज्ज्ञ म्हणून त्यांनी तीसेक वर्षं इथल्या हॉस्पिटलांमध्ये काढली होती. पत्नी मालतीबाई तीन वर्षांपूर्वी गेल्या. मुलगी नीता लंडनला असते. एवढं त्यांनी पहिल्या चार राउंडअबाउटांत सांगून टाकलं.

घर वीटबंद, दोन मजली, शेजारच्या घरांसारखंच. मागे कन्झर्व्हेटरी, म्हणजे काचेची पडवी. तिच्यापुढे हिरवळ, आणि हिरवळीच्या टोकाला बॅडमिंटनच्या अर्ध्या कोर्टाएवढं तळं. तळ्याच्या पलीकडे कुंपण, कुंपणाखालून एक चर निघून मागच्या ओढ्याला मिळालेला.

"बसा. त्यांची जेवायची वेळ झालीय," डॉक्टर म्हणाले. त्यांनी काठावरच्या दगडावर बोटांनी टकटक केलं. आधी काही दिसलं नाही. मग गढूळ पाण्यातून एक पांढुरका, किंचित गुलाबी मासा संथपणे वर आला. हाताएवढा लांब, तोंडाभोवती लांब मिशा.

"हा भुऱ्या. मालतीने नाव ठेवलं. आम्ही घर घेतलं तेव्हा तिने दुकानातून सहा पिल्लं आणली होती, बोटाएवढी. पाच काळी आणि हा. काळी जुनी आता गेली असतील, पण त्यांची नि याची पोरं इतकी झाली, की मोजता येत नाहीत."

भुऱ्याच्या मागून काळे मासे येऊ लागले. दहा, वीस, मग मोजणं सोडलं. डॉक्टर खाणं टाकत होते आणि प्रत्येक मुठीबरोबर काहीतरी पुटपुटत होते.

प्रकरण असं होतं. पंप दुरुस्त करायला आलेल्या माणसाने मासे पाहून सांगितलं, की असले परदेशी मासे परवान्याशिवाय पाळता येत नाहीत. दुसरा कुणी असता तर गप्प बसला असता. डॉक्टरांनी स्वतःच सरकारी मत्स्य खात्याला फोन केला. तिथला अधिकारी, कॉलिन नावाचा, फोनवर म्हणाला, की चॅनेल कॅटफिश असतील तर बघता येईल. ते थंड पाण्यात वीण घालत नाहीत, तळ्यातच म्हातारे होतात. पण बुलहेड या दुसऱ्या जातीचे असतील तर अवघड आहे. ते इथे सहज वाढतात, ओढ्यात गेले तर तिथले मासे आणि त्यांची अंडी खाऊन टाकतात. त्याचा माणूस यायला वेळ होता. तोवर कुणी जाणकार ओळखीचं असेल तर बघून घ्या, असं तो म्हणाला होता.

"माझ्या मते चॅनेलच आहेत. पुस्तकात बघितलं मी," डॉक्टर म्हणाले.

पिल्लं झाली म्हणजे चॅनेल नव्हेत, हे मला त्या क्षणी कळलं होतं. पण मी जातीने मास्तरीण. हातात घेऊन बघितल्याशिवाय बोलायचं नाही, असं स्वतःला सांगितलं. खरं तर आल्या आल्या सांगायचा धीर झाला नाही.

जेवायला बेक्ड बीन्सची उसळ होती. डबा फोडून मोहरी, हिंग आणि गोडा मसाला घातलेली, बरोबर भाजलेला पिटा ब्रेड. मी नेलेल्या कोकमाची, डब्यातलं नारळाचं दूध घालून, सोलकढी केली. डॉक्टरांनी वाटी तोंडाला लावली आणि बराच वेळ खाली ठेवली नाही.

शनिवार, तळ्याच्या काठी

सकाळी नीता आली. चाळिशीच्या आतली, केस बारीक कापलेली, एका शाळेत भूगोल शिकवणारी. डॉक्टर गराजमध्ये टब शोधायला गेले तशी ती माझ्याजवळ आली. मराठी ती आवर्जून बोलत होती.

"मावशी, तुम्हाला एक विचारू? बाबा माझ्याकडे राहायला येत नाही. मी किती वेळा सांगितली. तो म्हणते मासे कोण बघेल. आई असता तर गोष्ट वेगळी होती. तो दिवसभर कुणाशी बोलत नाही, फक्त त्या पॉन्डशी बोलते."

"मग तुला काय वाटतं, मासे नेले तर बरं?"

ती तळ्याकडे बघत राहिली. "आय डोन्ट नो. मला वाटते तो येईल. आणि मला वाटते तो... मला भीती वाटते."

टब आला. मी काठावर पालथी पडून जाळं फिरवलं आणि एक काळा मासा टबात टाकला. डॉक्टर शेजारी गुडघे टेकून बसले. मी त्यांना वर्गातल्यासारखं समजावू लागले, कारण दुसऱ्या कुठल्या पद्धतीने मला ते सांगता आलं नसतं.

"काका, आधी शेपूट बघायची. चॅनेल, ब्लू आणि व्हाइट, या तीन जातींची शेपूट दुभंगलेली असते, कात्रीसारखी. चॅनेलची सगळ्यात खोल. बुलहेडची जवळपास सरळ कापलेली."

डॉक्टर वाकून बघत होते. "सरळ आहे."

"सरळ शेपटीचा आणखी एक असतो, फ्लॅटहेड. पण त्याचं डोकं फळीसारखं चपटं, आणि खालचा जबडा वरच्याच्या पुढे आलेला."

"तो हा नव्हे," डॉक्टर म्हणाले. एक्स-रे वाचायची सवय असलेला माणूस, लगेच पकडत होता.

"मग हनुवटीखालच्या मिशा. पांढऱ्या किंवा पिवळट असल्या तर यलो बुलहेड. याच्या काळ्या आहेत. म्हणजे उरले ब्राउन आणि ब्लॅक. या दोघांत भलेभले फसतात. आमच्या बाटल्यांवरची निम्मी भांडणं या दोघांचीच. ब्राउनच्या अंगावर ढगाळ डाग असतात, आणि छातीजवळच्या परात जो काटा असतो, त्याच्या मागच्या कडेला करवतीसारखे दाते. ब्लॅकचा काटा तिथे जवळजवळ गुळगुळीत."

हे तपासायची रीत म्हणजे काटा चिमटीत धरून बोट बाहेरच्या बाजूला ओढायचं. बाटलीतल्या माशांवर मी ते शेकडो वेळा केलं होतं. जिवंत मासा अंग आक्रसतो, हे मी विसरले. त्याने हिसका दिला आणि काट्याचं टोक माझ्या तळहातात, अंगठ्याच्या मुळाशी घुसलं. मधमाशी डसल्यासारखी कळ गेली.

डॉक्टर एकदम बदलले. "नीता, केटल. हात खाली धर, असा. पिळू नकोस." आदल्या दिवसापासून मला अहो-जाहो करणारा माणूस एका क्षणात अगंवर आला. सोसवेल इतक्या गरम पाण्यात त्यांनी माझा हात धरून ठेवला. गरम पाण्याने त्या काट्याचं विष उतरतं, हे त्यांना ठाऊक होतं. दुसऱ्या हाताची दोन बोटं त्यांनी माझ्या नाडीवर ठेवली होती, सवयीने असतील. कळ हळूहळू गेली. त्यानंतरही त्यांनी हात सोडला नाही, आणि मीही काढून घेतला नाही. परदेशात मला कुणी हात लावण्याची ती पहिलीच वेळ होती.

पट्टी बांधून झाल्यावर ते म्हणाले, "दाते होते का?"

"नव्हते."

मग मी डाव्या हाताने उरलेलं केलं. पोटाखालच्या मागच्या परातल्या काड्या मोजल्या. चॅनेलच्या मानाने बऱ्याच कमी भरल्या. काड्यांमधला पडदा काळा, शेपटीच्या बुडाशी फिकट पट्टा. आणखी पाच मासे काढले, सगळे तसेच. शेवटी भुऱ्याला जाळ्यात घेतलं. तो जराही झटापट न करता आला. रंगच नसल्याने चॅनेलचे काळे ठिपके त्याच्यावर दिसणं शक्य नव्हतं. पण शेपूट खोल दुभंगलेली, मागचा पर गोलाईदार. ब्लू असता तर त्या पराची कड पट्टीने आखल्यासारखी सरळ असती.

"हा चॅनेल आहे. बाकीचे सगळे ब्लॅक बुलहेड," मी म्हणाले.

"म्हणजे याची पोरं..."

"याची नाहीत, काका. दुकानात एकत्र ठेवले असतील, म्हणून एकत्र आले. याच्या जातीचा इथे दुसरा कुणी नव्हता."

ते तळ्याकडे बघत होते. "शेपूट वेगळी दिसायची मला. वाटायचं, रंग वेगळा तशी शेपूटही वेगळी." मग म्हणाले, "मालती सगळ्यांना सांगायची, भुऱ्याचं गोकुळ म्हणून."

त्याच वेळी उथळ कडेला मला एक काळा गोळा हलताना दिसला. नारळाएवढा. जवळ जाऊन पाहिलं तर शेकडो पिल्लं एकमेकांना चिकटून फिरत होती, आणि त्यांच्याभोवती एक मोठा काळा मासा फेऱ्या घालत होता. बुलहेडचा बाप असाच पिल्लांची राखण करतो. डॉक्टरांना मी ते दाखवलं नाही. त्यांनी ते आधीच पाहिलं होतं, हे मला त्यांच्या तोंडावरून कळलं.

रविवार, पाइनच्या जंगलात

शनिवारी संध्याकाळी त्यांनी मला विचारलं होतं, "आत्ताच कळवायला हवं का? त्याचा माणूस येईल तेव्हा येईल. तोवर राहू देत." मी चराकडे बोट दाखवलं. एक मोठी सर आली, तळं भरून वाहिलं, की ती पिल्लं ओढ्यात. ते मला कळतं, असं म्हणून ते आत गेले. रात्रीचं जेवण आम्ही तिघांनी टीव्हीवरचा बागकामाचा कार्यक्रम बघत केलं.

सकाळी उठले तर खाली कुणी नव्हतं. नीता परत गेली होती. मी एकटीच चालत बाहेर पडले. गावाला लागून पाइनचं मोठं जंगल आहे, सरळ रेषेत लावलेलं. आपल्याकडच्या जंगलात पाऊल टाकलं की काही ना काही ओरडतं, सळसळतं. इथे पाइनच्या सुईसारख्या वाळक्या पानांवर माझ्या पावलांचाही आवाज होत नव्हता. कुत्र्यांना घेऊन आलेली माणसं भेटत आणि "लव्हली मॉर्निंग" म्हणून पुढे जात. एका बाईच्या कुत्र्याने माझ्या हाताची पट्टी हुंगली, तेव्हा तिने काय झालं म्हणून विचारलं. मासा चावला म्हणाले. तिने "ओ डिअर" म्हणून कुत्र्याला ओढून नेलं.

एका ओंडक्यावर बसून मी विचार करत होते, की माझं काय गेलं असतं? चार दिवस उशिरा सांगितलं असतं. आपल्याकडे मासा दिसला की पहिला प्रश्न, कसा करायचा, कालवण की तळून? इथे एका म्हाताऱ्याला मासा म्हणजे घरातलं माणूस होतं, आणि मी परकी येऊन त्याच्या घरातली नाती तपासून गेले होते. पण ओढाही मी पाहिला होता. कुंपणामागून वाकून पाहिलं तेव्हा गोट्यांमध्ये बोटभर चंदेरी मासे प्रवाहाकडे तोंड करून उभे होते. ते कुणाच्याच घरातले नव्हते.

परत आले तेव्हा डॉक्टर कन्झर्व्हेटरीत बसले होते. समोर दोन कप मांडलेले.

"आज रविवार. ऑफिस बंद," ते म्हणाले. "मी मशीनवर निरोप ठेवलाय. ब्लॅक बुलहेड, शास्त्रीय नाव मेलास. नाव बरोबर उच्चारलं ना मी?"

"बरोबर."

"चराच्या तोंडाला जाळी लावलीय सकाळी. उद्यापर्यंत टिकेल अशी. उद्या पक्की बसवायला माणूस बोलावतो." त्यांच्या पँटचे गुडघे चिखलाने भरलेले होते. त्यांनी माझ्याकडे चहा सरकवला. "आलं घातलंय. जास्त झालं असेल."

झालं होतं. मी सगळा प्यायले.

पुन्हा ब्रॅकनेल

त्याच आठवड्यात तळं उपसायचं ठरलं. त्या दिवशी मी प्रयोगशाळेतून रजा काढून गेले. मला कुणी बोलावलं नव्हतं. डॉक्टरांनी दार उघडलं आणि काही न विचारता माझ्या हातातली पिशवी घेतली. नीताही शाळेतून रजा घेऊन आली होती.

कॉलिन तांबड्या दाढीचा, मऊ बोलणारा माणूस होता. त्याने पंप लावला, पाणी गाळण्यांतून दूरच्या गटारात सोडलं. भुऱ्याला आधी काढून झाकणाच्या टाकीत ठेवलं. दक्षिणेकडच्या एका मत्स्यालयाकडे परवाना होता, ते त्याला घेणार होते. पाणी उतरत गेलं तसे काळे मासे चिखलात उसळू लागले. मोठ्या टबात कॉलिनने एक पांढरी पूड विरघळायला घेतली.

"काय आहे ते?" डॉक्टरांनी विचारलं.

कॉलिनने सांगितलं. माशांना भूल देण्याचं औषध. आधी शुद्ध जाते, जास्त दिलं की कल्ले थांबतात. दुखत नाही.

"किती पाण्याला किती?"

कॉलिनने प्रमाण सांगितलं. डॉक्टरांनी मान हलवली, मग म्हणाले, "मी दिलं तर चालेल? आयुष्यभर हेच केलंय. फक्त उठवायचो नंतर."

कॉलिनने माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. त्याने हातमोजे काढून डॉक्टरांना दिले.

नीता आणि मी जाळ्याने मासे आणत होतो, डॉक्टर टबापाशी खुर्ची घेऊन बसले होते. एकेक खेप आत गेली की ते वाकून कल्ल्यांकडे बघत. मासे आधी वेगात फिरत, मग एका अंगावर कलंडत. डॉक्टर घाई करत नव्हते. आधीची खेप पूर्ण शांत झाल्याशिवाय पुढची घेत नव्हते. कॉलिन घड्याळ बघायला लागला होता. शेवटी पिल्लांचा गोळा आला, आणि त्याच जाळ्यात त्यांचा बाप. डॉक्टरांनी हाताने ओंजळ करून ते सगळं एकत्रच पाण्यात सोडलं.

नीता मागे वळून कुंपणापाशी गेली. थोड्या वेळाने तिथूनच म्हणाली, "बाबा, आज माझ्याकडे चल. फक्त आजचा रात्र."

"आजचा नाही, आजची," डॉक्टर म्हणाले. टबावरून नजर न काढता. मग म्हणाले, "बघू."

मला पोचवायला ते स्टेशनवर आले. वाटेत भुऱ्याची टाकी घेऊन निघालेली कॉलिनची व्हॅन एका राउंडअबाउटवर आमच्या पुढे होती. ती डावीकडे गेली, आम्ही सरळ. डॉक्टरांनी तिकडे पाहिलं नाही.

ट्रेनला वेळ होता. प्लॅटफॉर्मवरच्या बाकावर आम्ही बसलो. समोरच्या काचेच्या ऑफिसांतून माणसं सुटत होती, गळ्यातली ओळखपत्रं काढून खिशात घालत.

"एक सांग," ते म्हणाले. "त्याला माहीत असेल का? की ती आपली नव्हेत?"

असल्या प्रश्नाला काहीतरी गोड बोलून सुटता येतं. पण या माणसाशी मी तसं बोलू शकत नव्हते.

"कॅटफिशना वासावरून कळतं, काका. आपला कोण, परका कोण, अगदी एकेक मासा वेगळा ओळखतात. त्याला पहिल्या दिवसापासून माहीत असणार."

त्यांनी बराच वेळ मान हलवली. "तरी खाण्याच्या वेळी सगळ्यांना घेऊन यायचा," ते म्हणाले आणि उठले. "जपून जा. हाताची पट्टी उद्या काढ."

ते जिन्याने खाली गेले. प्लॅटफॉर्मच्या कठड्यावरून मला गाडीतळ दिसत होता. डॉक्टर गाडीत बसले, दार लावून घेतलं, पट्टा बांधला. दोन्ही हात स्टिअरिंगवर ठेवले. मग तसेच बसून राहिले. शेजारच्या गाड्या एकेक करून निघून गेल्या. माझी ट्रेन आली, दारं उघडली, आणि मला चढावं लागलं. सुटताना काचेतून पाहिलं, तेव्हाही ती गाडी तिथेच उभी होती.